वंशवृक्षात नसलेली झाडे

कुलवृत्तांत हा मराठीतला एक उपेक्षित ग्रंथप्रकार आहे. वाङ्मयेतिहासात त्याला जागा मिळालेली नाही आणि समीक्षेने त्याची दखल घेण्याचे कारण नाही, असेच सर्वांनी गृहीत धरलेले आहे. तरीही विसाव्या शतकातील मराठी मध्यमवर्गाने पदरमोड करून आणि परतफेडीची अपेक्षा न ठेवता जे ग्रंथ सिद्ध केले, त्यांत या प्रकाराचा समावेश करावा लागेल. कुलमंडळ स्थापन व्हायचे, छापील प्रश्नपत्रके गावोगावच्या कुटुंबांना धाडली जायची, नाशिक-त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यायांच्या वह्या उघडल्या जायच्या, माळ्यावरची मोडी दप्तरे खाली उतरायची. या खटाटोपातून गोत्र, प्रवर, कुलदैवत, कुळाचार, मूळ गाव, मूळपुरुष आणि पिढ्यांची क्रमवार कोष्टके असलेला जाडजूड ग्रंथ तयार होई, आणि त्याच्या पाठपुठ्ठ्यालगत घडी घालून चिकटवलेला एक मोठा कागद असे. त्या कागदाला वंशवृक्ष म्हणतात.

हा कागद उलगडून पाहिला तर त्यात वृक्षासारखे काही नसते. मूळपुरुष वरच्या कडेला बसलेला असतो, त्याच्याखाली रेषा फुटत जातात आणि सर्वांत अलीकडची पिढी तळाशी गर्दी करून उभी असते. गीतेच्या पंधराव्या अध्यायातला अश्वत्थही असाच मुळे वर आणि शाखा खाली असलेला आहे. पण तो संसाराचे रूपक आहे आणि असंगाच्या शस्त्राने तो तोडावा, असे तिथे सांगितले आहे. कुलवृत्तांतकारांनी रूपक घेतले आणि उपदेश सोडून दिला, याबद्दल तक्रार नाही. वंश टिकावा असे वाटणारा माणूस असंगाच्या वाटेला जाणार नाही. तक्रार वेगळी आहे. ज्या ग्रंथाने आपल्या मुख्य आकृतीसाठी झाडाचे नाव उसने घेतले, त्या ग्रंथात खरे झाड शोधू जावे तर ते बहुधा सापडत नाही. घराण्याने लावलेले, पुजलेले, वाटणीत भांडलेले, ज्याच्या लाकडाची चौकट दाराला बसली असे एकही झाड शेकडो पानांत नोंदले जात नाही. या वगळण्याकडे अनवधान म्हणून पाहता येत नाही. घराणे म्हणजे काय याविषयीची एक विशिष्ट आणि अपुरी समजूत त्यामागे आहे, आणि ती समजूत आता मोडली पाहिजे.

हे तपासायचे तर घराण्याच्या मूळ गावी जाऊन भागत नाही. मूळ गावी सारेच जागच्या जागी असते. देऊळ, विहीर, पार सांगायलाही लागत नाहीत. जिथे घराणे उठून गेले तिथे त्याने बरोबर काय नेले आणि तिथले काय घेतले, हे पाहावे लागते. रायपूरची पुरानी बस्ती ही त्या दृष्टीने चांगली जागा आहे. महामायेचे देऊळ, जैतुसाव मठ, जवळपासची तळी आणि त्यांच्या पाळींवरची झाडे यांभोवतीची ही जुनी वस्ती कलचुरी काळापासूनच्या गावाशी नाते सांगते. 1741 मध्ये भास्करपंत कोल्हटकरांच्या फौजेने रतनपूर घेतले आणि छत्तीसगढ नागपूरकर भोसल्यांच्या छायेत आले. पुढे बिंबाजी भोसल्यांनी रतनपुरास राहून 1787 पर्यंत तिथे कारभार केला. त्यांच्यानंतर सुभेदारांचा अंमल आला. 1818 मध्ये इंग्रज अधीक्षकाच्या हाती कारभार गेला तेव्हा मुख्य ठाणे रतनपुराहून रायपुरास हलले, आणि 1854 मध्ये नागपूरचे राज्यच खालसा झाले. या शंभरसव्वाशे वर्षांत आणि त्यानंतर इंग्रजी अमलातील नोकऱ्यांच्या निमित्ताने मराठी कुटुंबे तिकडे गेली आणि राहिली. तात्यापारा या मोहल्ल्याच्या नावातला तात्या अजूनही त्याची साक्ष देतो.

अशा कुटुंबांना कुलवृत्तांतात कोणते स्थान मिळते? बहुधा पत्त्याच्या रकान्यातले. अमुक पिढीतला अमुक इसम रायपूर, बिलासपूर किंवा जबलपूरकडे गेला, नोकरीनिमित्त तिकडेच स्थायिक झाला, एवढ्यावर त्याची ओळ संपते. पुढच्या पिढ्यांनी प्रश्नपत्रकाला उत्तर धाडले नसेल तर रेषाच थांबते. ज्या माणसाने घराण्याच्या इतिहासात सर्वांत लांबचे पाऊल टाकले, त्याच्याविषयी ग्रंथ सर्वांत कमी बोलतो. त्याने तिथे काय नेले, या प्रश्नाला या ग्रंथांच्या आराखड्यात रकानाच नाही.

त्याने झाडे नेली, हे एक उत्तर आहे. छत्तीसगढात विजयादशमीला सोन्याची पाने देण्याची चाल बिंबाजी भोसल्यांनी सुरू केली, असे तिथले इतिहासलेखक सांगतात. आपटा आणि शमी ही झाडे छत्तीसगढाला नवी नव्हती; त्यांच्या पानाला एका दिवसापुरते सोने मानायचे आणि ते मोठ्यांच्या हाती ठेवून पाया पडायचे, ही रीत पश्चिमेकडून आली. मराठी राज्य गेले, मोडीतला कारभार गेला, मराठी शाळांचे दिवस पालटले, 2000 साली छत्तीसगढ हे स्वतंत्र राज्य झाले. सोनपत्ती मात्र मराठी न बोलणाऱ्या घरांतूनही दिली-घेतली जाते. एखाद्या समाजाने दुसऱ्या प्रदेशात काय मागे ठेवले याचा हिशोब मांडायचा तर सनदा आणि वाडे यांच्याआधी हे पान मोजावे लागेल. कोणत्या कुलवृत्तांताने ते मोजले आहे?

त्याने तिथली झाडेही आपली केली. वडाची पूजा महाराष्ट्रात ज्येष्ठी पौर्णिमेला होते. छत्तीसगढातील स्त्रिया वटसावित्रीचे व्रत त्याआधीच्या अमावास्येला करतात. त्यांच्या पौर्णिमान्त गणनेत ती ज्येष्ठातली अमावास्या, तर मराठी पंचांगात तीच वैशाखातली. रायपूरसारख्या गावात म्हणून एकाच पंधरवड्यात वडाला दोनदा सूत गुंडाळले जाते. पहिल्या दिवशीचे सूत अजून पुरते विटलेले नसते तोवर दुसरे त्यावर चढते. या दोन सुतांच्या मधले पंधरा दिवस म्हणजे रायपूरच्या मराठी माणसाचा खरा इतिहास होय. आपल्या तिथीला तो चिकटून राहिला आणि झाड मात्र त्याने शेजाऱ्यांबरोबर वाटून घेतले. वंशवृक्षाच्या रेषांना ही गोष्ट सांगता येत नाही, कारण त्या रेषा एका कुळातून फक्त त्याच कुळात जातात. शेजार त्यांच्या व्याकरणात बसत नाही.

सूत गुंडाळणारी बाईही त्या व्याकरणात नीट बसत नाही. कुलवृत्तांतकारांशी न्यायाने वागायचे तर हे सांगितले पाहिजे की स्त्रियांची नावे त्यांनी सर्वस्वी गाळलेली नाहीत. सुनेचे माहेरचे नाव दिलेले असते, मुलीच्या पुढे जावयाचे आडनाव आणि गाव दिलेले असते. परंतु सून येते ती तयार नावासारखी आणि मुलगी जाते ती ओळीच्या शेवटासारखी. तिची संतती दुसऱ्या ग्रंथाची मालमत्ता होते. कुळाचार चालवला कोणी, हे विचारले की मात्र साऱ्या वाटा या दोघींकडे वळतात. वडाची पूजा, तुळशीचे लग्न, कार्तिकातले आवळीभोजन, गुढीला बांधायची कडुनिंबाची डहाळी, हे सर्व सासूने सुनेला आणि आईने मुलीला सांगितलेले आहे. घराण्याच्या परंपरेचा हा भाग बीजाच्या वाटेने खाली आलेला नाही. परक्या घरातून आलेल्या बाईने परक्या घरातून आलेल्या दुसऱ्या बाईकडून तो घेतला. वारसा रक्ताने उतरतो हे कुलवृत्तांतांचे गृहीतक आहे, आणि ज्याला ते कुळाचार म्हणतात त्यानेच ते खोडून काढलेले आहे.

रेषेने टाकून दिलेल्यांना झाडाने ठेवून घेतले, याचे आणखी एक उदाहरण मराठी लोकसमजुतीत आहे. मुंज झाली आणि लग्नाआधी मुलगा गेला, तर वंशावळीत त्याच्या नावापुढे ‘अविवाहित वारला’ असे तीन-चार शब्दांत मिटवता येते. लोकांनी असे मिटवले नाही. तो मुंजा होऊन पिंपळावर राहतो, असे त्यांनी मानले. त्या पिंपळाला त्याचे नाव दिले, तिन्हीसांजेला तिथून जाताना पोरांना जपायला सांगितले, प्रसंगी पिंपळाचीच मुंज लावली. या समजुतीवर विश्वास ठेवावा असे कोणी म्हणणार नाही. पण तिच्यात एक व्यवस्था आहे. ज्याच्यापासून पुढे काही निघाले नाही, त्याचीही गावाच्या आठवणीत एक जागा राखलेली आहे, आणि ती जागा एका झाडाच्या रूपाने डोळ्यांसमोर उभी आहे. कुठल्याही कोष्टकापेक्षा ही नोंद अधिक माणुसकीची आहे.

यावर असे म्हटले जाईल की कुलवृत्तांत हा वंशावळीचा ग्रंथ आहे, वनस्पतिशास्त्राचा नव्हे. त्यात झाडे कशाला हवीत? हा आक्षेप वजनदार वाटतो, पण त्याचे उत्तर याच ग्रंथांच्या परिशिष्टांत छापलेले असते. पूर्वजांना मिळालेल्या इनामांच्या सनदा तिथे अभिमानाने दिलेल्या असतात. मराठी सनदांच्या मायन्यात दान दिलेल्या भूमीचे वर्णन जल, तरु, तृण, काष्ठ, पाषाण, निधिनिक्षेप अशा क्रमाने येते. दान देणाऱ्या राजाच्या दृष्टीने पाण्यानंतर लगेच झाड होते. अठराव्या शतकाच्या आरंभीच्या आज्ञापत्रात रामचंद्रपंत अमात्यांनी आरमारासाठी लाकूड तोडण्याविषयी जे सांगितले आहे ते प्रसिद्ध आहे: आंबा-फणसाला हात लावू नये, कारण ही झाडे वर्षा-दोन वर्षांत होत नाहीत आणि रयतेने ती दीर्घकाळ लेकरांसारखी वाढवलेली असतात. राज्याच्या कागदाने झाडाला रयतेच्या लेकरांत मोजले. त्याच रयतेच्या वंशजांनी स्वतःच्या कुटुंबाचा ग्रंथ लिहायला घेतला तेव्हा ही लेकरे मोजणीतून सुटली. ज्याला तरु शब्द असलेली सनद छापता येते, त्याला ‘झाडे आमच्या विषयात येत नाहीत’ असे म्हणण्याची सोय उरत नाही.

दुसरा मुद्दा याहून महत्त्वाचा आहे. कुलवृत्तांत ज्यांनी लिहिले त्या जाती मुख्यत्वे लेखणीवर जगणाऱ्या होत्या. ज्यांच्याकडे दप्तरे नव्हती त्यांच्याकडे घराण्याची ओळख नव्हती काय? मराठा, कुणबी आणि अनेक कारागीर जातींत ती ओळख देवकाच्या रूपाने आहे. कोणाचे देवक कळंब, कोणाचे वड, कोणाचे उंबर, कोणाचे पंचपालवी. लग्नाच्या मांडवात देवक बसते, दोन घरांचे देवक एक निघाले तर सोयरीक होत नाही, आणि काही घरांत देवकाच्या झाडावर कुऱ्हाड चालवत नाहीत. इथे झाड शोभेचे रूपक नाही. झाड हेच कुळाचे नाव आहे. आडनावांतही हे दिसते. पिंपळगाव, वडगाव, पळसगाव, बोरगाव, बाभूळगाव ही गावे आणि त्यांच्यापुढे ‘कर’ लावून झालेली आडनावे मोजायला बसले तर मराठी माणसाने किती झाडे पाठीवर वाहिली आहेत ते कळेल.

रायपुरात आलेल्या मराठी माणसाला ही भाषा परकी वाटली नसावी. तिथेही वड म्हणजे बर, पिंपळ म्हणजे पीपर, उंबर म्हणजे डूमर, पळस म्हणजे परसा, आणि परसदा नावाची गावे आपल्या पळसगावांइतकीच सहज भेटतात. आमापारा या मोहल्ल्याच्या नावातला आमा आपला आंबाच आहे. छत्तीसगढी लग्नाच्या मांडवात डूमराच्या लाकडाचे मंगरोहन उभे करतात. पंचपालवीत उंबर मानणाऱ्या कुणब्याला तो मांडव अगदीच अनोळखी कसा वाटावा? गोंडांच्या कुळांतही विशिष्ट झाडे-प्राणी आपले मानून वर्ज्य करण्याची चाल आहे. रसेल आणि रायबहादूर हिरालाल यांनी मध्यप्रांतातील जातीजमातींवर चार खंड 1916 मध्ये प्रसिद्ध केले, त्यांत अशा चालीरीतींच्या नोंदी विखुरलेल्या आहेत. म्हणजे सरकारी कामासाठी लिहिणाऱ्यांना जे टिपावेसे वाटले ते घरच्या माणसांना वाटले नाही. ब्राह्मणी ग्रंथाने देवकाकडे ‘इतरांची’ चाल म्हणून पाहिले आणि स्वतःच्या कुळाचारातली झाडे देवघराच्या कोपऱ्यात ठेवून दिली.

झाडांच्या बाजूने बोलताना झाडांना सोवळे करून चालणार नाही. पाराला पायऱ्या होत्या तशा जातीच्याही पायऱ्या होत्या. पिंपळाच्या सावलीत पंचायत बसली तेव्हा कोणी वर बसले, कोणी उन्हात उभे राहिले, आणि काहींची सावलीही त्या सावलीत पडू दिली गेली नाही. वडाला सूत गुंडाळणाऱ्या सवाष्णींच्या रांगेत विधवेला जागा नव्हती. घराण्याच्या ग्रंथात झाड यावे असे म्हणताना हा भाग गाळला, तर एका गोड असत्याच्या जागी दुसरे येईल. उलट झाड नोंदले की हे प्रश्न विचारावेच लागतात. पार कोणाचा होता, त्यावर कोण बसत नव्हते, फळ कोणाला मिळत होते, पाला कोण झाडत होते? मूळपुरुषाच्या नावाने ग्रंथ सुरू केला की यांतला एकही प्रश्न उभा राहत नाही. झाडाच्या नावाने सुरू केला तर उत्तर द्यावे लागते.

झाडांवरच्या मराठी पुस्तकांनाही या आरोपातून मोकळे करता येत नाही. दुर्गा भागवतांच्या ‘ऋतुचक्रा’ने 1956 मध्येच दाखवून दिले होते की झाडाकडे महिन्यामहिन्याने, डोळे उघडे ठेवून पाहिले तर त्यातून केवढे गद्य उभे राहते. नंतरच्या पुष्कळशा पुस्तकांनी मात्र एक साचा पत्करला: शास्त्रीय नाव, औषधी उपयोग, पुराणातली कथा, आणि शेवटी वृक्ष लावा असा उपदेश. त्यांतला वड हा कुठलाच वड नसतो. तो कोणत्या गावात आहे, कोणी लावला, त्याखाली काय घडले, याचा पत्ता नसतो. देवरायांच्या बाबतीत वा. द. वर्तक आणि माधव गाडगीळ यांनी गेल्या शतकाच्या आठव्या दशकात गावोगाव फिरून नोंदी केल्या, आणि श्रद्धा, मालकी व जंगल यांचे नाते पुराव्यानिशी अभ्यासाला मिळाले. घराभोवतीच्या झाडांसाठी असे काम झालेले नाही. एका कपाटात झाडे नसलेले वंशवृक्ष आणि दुसऱ्या कपाटात माणसे नसलेले वृक्ष, अशी ग्रंथालयांतली आजची स्थिती आहे.

घराणे म्हणजे एक खोड आणि त्याच्या फांद्या, हे चित्रच तपासून पाहिले पाहिजे. माधवराव सप्रे 1871 मध्ये दमोह जिल्ह्यातल्या पथरिया येथे जन्मले, 1900 च्या जानेवारीत त्यांनी पेंड्र्याहून ‘छत्तीसगढ मित्र’ हे हिंदी मासिक सुरू केले, ‘दासबोध’ आणि ‘गीतारहस्य’ हिंदीत आणले आणि 1926 मध्ये रायपुरात देह ठेवला. मराठी मातृभाषेचा हा माणूस हिंदी गद्याच्या घडणीत अग्रभागी उभा आहे. वंशवृक्षाच्या चित्रात ही फार तर एक दूरची फांदी ठरेल. पण वडाची फांदी लांब गेली की तिला पारंबी फुटते, पारंबी जमिनीला लागते आणि काळाने तिचेच खोड होते. मग मूळ खोड कोणते हे सांगता येत नाही आणि झाडाला त्याची गरजही नसते. भैरप्पांच्या ‘वंशवृक्ष’ या 1965 च्या कन्नड कादंबरीत वंशशुद्धीच्या निष्ठेवर आयुष्य उभारलेल्या श्रोत्रियाला आपल्या जन्माचे सत्य सापडते आणि पायाखालचीच जमीन सरकते. कादंबरीने जे जाणले ते कुलवृत्तांताने अजून मान्य केलेले नाही.

आता या ग्रंथांची दुसरी-तिसरी आवृत्ती काढणारी कुलमंडळे आहेत, तरुण मंडळी संगणकावर वंशावळी जुळवीत आहेत. त्यांच्या प्रश्नपत्रकात एक पान वाढवावे, एवढीच मागणी आहे. घराच्या अंगणात, परसात, बांधावर आणि जवळच्या पारावर कोणती झाडे होती. ती कोणी लावली, कोणी पाणी घातले. कोणत्या तिथीला कोण पुजत असे आणि कोणाला मज्जाव होता. झाड कधी पडले किंवा पाडले आणि त्याचे लाकूड कुठे गेले. याची उत्तरे दप्तरांत मिळणार नाहीत. ती ऐंशी-नव्वदीच्या बायकांना ठाऊक आहेत, आणि त्यांना आजवर कोणत्याही कुलमंडळाने पत्र लिहिलेले नाही. पत्र कुटुंबप्रमुखाच्या नावे जात होते. ग्रंथालयांनीही अशी टिपणे, मग ती वहीत लिहिलेली असली तरी, कुलवृत्तांताशेजारी ठेवून घ्यावीत.

याला घाई आहे. जुन्या वस्त्यांतले वाडे वाटणीला निघाले की दस्तात चौरस फूट लिहिले जातात. जल आणि तरु हे शब्द त्या कागदावरून कधीच गेले. वाडा गेला तरी त्याचा नकाशा कुठेतरी राहतो, माणूस गेला तरी त्याचे नाव वंशावळीत राहते. परसातला आवळा गेला आणि त्याखाली कार्तिकात पाने मांडणारी बाई गेली, की त्या घराने काय जपले होते हे सांगणारा एकही कागद मागे राहत नाही.